मर्यादवेल : मर्यादा कोणाची?

मालवण किनाऱ्यावरील एका शाळेचा परिसर अभ्यासाचा तास पुळणीवर भरला होता. आम्हीही त्या दिवशी सोबत होतो. सकाळची वेळ असल्यामुळे वाळूवर पसरलेल्या वेलीची जांभळट गुलाबी फुले पूर्ण उमलली होती. बाईंनी एक फूल हातात धरून सांगितले, "ही मर्यादवेल. समुद्राने हिच्या अलीकडे यायचे नाही, अशी मर्यादा ही वेल समुद्राला घालून देते." मुलांनी वाक्य वहीत उतरवून घेतले. तेवढ्यात मागे बसलेली एक मुलगी म्हणाली, "बाई, वादळात दर्या वेल ओलांडून आमच्या माडांत इलो. मगे मर्यादा कोणी मोडल्यान?"

बाई हसल्या. आम्हीही हसलो. उत्तर मात्र दोघांनाही सुचले नाही. प्रश्न वरवर साधा वाटला, तरी त्यात एका नावाच्या अर्थाची आणि त्या नावाच्या आधारे आपण जे विज्ञान शिकवतो त्याची परीक्षा होती. आज त्या वाक्याची थोडी चिकित्सा करू. बाईंचा दोष काढण्याचा हेतू नाही. ते वाक्य आम्हीही अनेकदा उच्चारले आहे, आणि निसर्गविषयक लेखनात ते आजही वारंवार भेटते.

नाव पाहते कोठे?

मर्यादवेलीचे शास्त्रीय नाव आयपोमिया पेस-काप्री. रताळे आणि गारवेल हे हिचे सोयरे. कार्ल लिनियसने १७५३ साली या वनस्पतीला दिलेल्या नावातला 'पेस-काप्री' हा भाग आजही टिकून आहे. लॅटिनमध्ये त्याचा अर्थ 'बकरीचे पाऊल'. पानाचे टोक मधोमध दुभंगलेले असते, म्हणून हे नाव. जुन्या ग्रंथांत हीच वनस्पती आयपोमिया बायलोबा या नावाने भेटते. 'बायलोबा' म्हणजे दोन पाळ्यांची. शिक्षकांनी जुने संदर्भ चाळताना ही दोन्ही नावे एकाच वेलीची आहेत हे ध्यानात ठेवावे.

आता भारतीय भाषांतली नावे पाहा. बंगालीत हिला 'छागलखुरी' म्हणतात, म्हणजे बकरीचे खूर. लिनियसला जे दिसले तेच बंगाली माणसालाही दिसले होते. हिंदीत 'दोपाती लता' असे नाव आहे. तेथेही नजर पानाच्या दोन भागांवरच आहे. तमिळमध्ये ही 'अडुंबु'. संगम काव्यात समुद्रकाठच्या वर्णनांत ती येते आणि तिच्या दुभंगलेल्या पानाला हरणाच्या पावलाची उपमा दिलेली आढळते. मल्याळीतले 'अडंबु' हे नाव व्हान रीडच्या 'हॉर्टस मलबारिकस' (१६७८–१६९३) या बारा खंडांच्या ग्रंथात नोंदले गेले. इंग्रजीत हिला 'रेलरोड व्हाइन' म्हणतात, कारण तिचे लांबलचक फाटे वाळूवर रुळांसारखे सरळ धावतात.

बकरी, हरीण, दोन पाती, रूळ ही सगळी वर्णने वेलीच्या आकाराची आहेत. वाळवलेली वनस्पती कागदावर चिकटवून दूरच्या गावी पाठवली, तरी पानाकडे पाहून 'बकरीचे खूर' हे नाव पटेल. 'मर्यादवेल' हे नाव मात्र तेथे पटणार नाही. या नावात पान नाही, फूल नाही, रंग नाही. वेल उभी कोठे आहे एवढेच त्यात आहे. त्यासाठी किनाऱ्यावर जाऊन, समुद्राकडे आणि जमिनीकडे एकाच वेळी पाहावे लागते.

म्हणून आमच्या मते हे नाव शास्त्रीय दृष्टीने फार मोलाचे आहे. वनस्पती कोणत्या जागी, कोणत्या परिस्थितीत उगवते हा परिसरविज्ञानाचा पहिला प्रश्न. मराठी नावाने नेमकी तीच गोष्ट टिपली आहे. इंग्रजी नावांची भाषांतरे करून 'सागरी प्रभातफूल' यांसारखी नवी नावे घडवण्याचा मोह अधूनमधून होतो. तो आवरावा. घरात चांगले नाणे असताना नवे पाडण्याचे कारण नाही.

वेल आणि वेला

या नावाची फोड करताना एक घसरण होते, तिच्याबद्दल आधीच सांगितलेले बरे. संस्कृतात 'वेला' असा शब्द आहे. त्याचे अर्थ काळ, भरती, किनारा आणि सीमा असे अनेक आहेत. आपला 'वेळ' हा शब्द त्यातूनच आला. लता या अर्थाचा मराठी 'वेल' मात्र 'वल्ली' या शब्दाच्या घराण्यातला. म्हणून मर्यादवेलीतल्या 'वेल'चा अर्थ किनारा असा लावणे आकर्षक वाटले, तरी ते व्याकरणात बसत नाही. हा वेल म्हणजे साधा, जमिनीवर सरपटणारा वेल. त्याचे लिंगही मराठीत दोन्ही प्रकारे चालते. कोणी 'तो वेल' म्हणतो, कोणी 'ती वेल'. विद्यार्थ्याने काहीही लिहिले तरी गुण कापू नयेत.

फोड चुकली, तरी तिच्यामागची कल्पना जुनी आहे. समुद्र कितीही खवळला तरी आपली वेला, म्हणजे सीमा, ओलांडत नाही, हा संस्कृत साहित्यातला एक रूढ संकेत आहे. धीरगंभीर राजाला समुद्राची उपमा द्यायची ती याचसाठी. 'मर्यादा' या शब्दाचा मूळ अर्थही सीमा, हद्द असाच. संयम, अदब, लाज हे अर्थ त्या हद्दीवरून पुढे निघाले. शेतीच्या बांधापासून घरातल्या वागण्यापर्यंत हा शब्द पसरला आणि आज मुलांच्या कानावर तो बहुधा दुसऱ्या अर्थानेच पडतो. 'मर्यादेत राहा' असे ऐकणाऱ्या मुलाच्या मनात जमिनीवरची रेघ येत नाही, वडीलधाऱ्यांचे वटारलेले डोळे येतात.

बाईंच्या वाक्यातली गफलत येथे सुरू होते. नावातली मर्यादा ही जागा आहे. आपण तिचा हुकूम केला. 'जेथे मर्यादा आहे तेथे वाढणारी वेल' हा अर्थ सोडून आपण 'मर्यादा घालणारी वेल' असा अर्थ केला आणि वेलीच्या हाती दंडुका दिला.

वाळूवर प्रत्यक्षात काय घडते?

किनाऱ्यावर पाण्याच्या रेषा अनेक असतात. भांगेच्या भरतीची रेषा खाली असते. अमावास्या-पौर्णिमेच्या सुमारास येणाऱ्या उधाणाची रेषा तिच्या वर असते. पावसाळी लाटांचा फेस पोहोचतो ती रेषा आणखी वर, आणि वादळात पाणी चढते ती त्याहून वर. मर्यादवेल खारे वारे सोसते, तापलेली वाळू सोसते, अंगावर वाळूचा थर साचला तरी त्यातून वर येते. पण रोज भरतीच्या पाण्यात बुडणे आणि लाटांनी मुळाखालची वाळू खणून नेणे तिला सोसत नाही. म्हणून नेहमीच्या भरतीरेषेच्या वर, जेथे वाळू काही महिने तरी जागेवर राहते, तेथे तिची खालची कड दिसते. ही कड समुद्राने ठरवलेली असते. वेल ती फक्त दाखवते.

ती कड स्थिरही नसते. जून-जुलैत लाटा पुळण खातात, तेव्हा पुढे आलेले फाटे उपटून निघतात. गणपती होऊन समुद्र निवळला की वाळू हळूहळू परत येते आणि तिच्यावर वेलीचे नवे फाटे समुद्राच्या दिशेने धावू लागतात. फाट्याच्या प्रत्येक पेराला मुळे फुटतात. त्यामुळे तुटलेला तुकडाही वाळूत रुजून नवी वेल होऊ शकतो. फळात चार बिया असतात. त्यांच्यावर तपकिरी लव आणि कठीण कवच असते. त्या खाऱ्या पाण्यावर दीर्घ काळ तरंगूनही जिवंत राहतात. म्हणूनच ही वेल आपल्या किनाऱ्याप्रमाणेच आफ्रिकेत, ऑस्ट्रेलियात आणि अमेरिका खंडांच्या उष्ण किनाऱ्यांवरही आहे. जिच्या नावात मर्यादा आहे, तिनेच महासागर ओलांडले आहेत.

मग ही वेल किनाऱ्याचे रक्षण करते हे म्हणणे अगदीच खोटे का? तसेही नाही. पसरलेल्या पानांत आणि फाट्यांत वाऱ्याबरोबर उडणारी वाळू अडकते. वाळूचे बुटके उंचवटे तयार होतात. त्यांवर दुसरी झाडे येतात. अशा उंचवट्याला 'वाळूची टेकडी' म्हणून आपण क्षुल्लक समजतो, पण तो किनाऱ्याचा साठा असतो. मोठ्या लाटा आल्या की त्या साठ्यातली वाळू खाली ओढली जाते, ती उथळ पाण्यात पसरते, लाटा तेथेच फुटू लागतात आणि त्यांचा जोर कमी होतो. पुढे शांत हंगामात हीच वाळू पुन्हा वर येते. म्हणजे वेल समुद्राला अडवत नाही. समुद्राशी चाललेल्या देवघेवीसाठी ती वाळू जमा करून ठेवते. भिंत आणि साठा यांतला हा फरक मुलांना नीट समजावून द्यायला हवा. चुकीच्या वाक्यात तो पुसला जातो.

या साठ्याचीही ताकद किती हे ओळखून असावे. देवबाग ही कर्ली नदीची खाडी आणि समुद्र यांच्यामधली वाळूची चिंचोळी पट्टी. उत्तरेला तोंडवली-तळाशीलची पट्टीही तशीच, एका बाजूला खाडी आणि दुसऱ्या बाजूला समुद्र. अशा ठिकाणी नदीतून येणारी वाळू कमी झाली, खाडीचे मुख सरकले किंवा शेजारी एखादे बांधकाम होऊन वाळूची वाट अडली, तर पुळण खचू लागते. तेथे केवळ वेल लावून किनारा वाचेल असे सांगणे ही भाबडी आशा ठरेल. त्यात समुद्राची पातळीही वाढते आहे. १९०१ ते २०१८ या काळात जगभरातली सरासरी वाढ सुमारे २० सेंटिमीटर झाली. ऑक्टोबर २०१९ मधले क्यार आणि मे २०२१ मधले तौक्ते ही चक्रीवादळे या किनाऱ्याने अनुभवली आहेत. त्या मुलीच्या माडांत पाणी शिरले, ते वेलीने कर्तव्यात कसूर केली म्हणून नव्हे.

नीतिकथेचा मोह

दुसरी एक चूक भाषेच्या तासाला होते. 'मर्यादवेलीप्रमाणे आपणही मर्यादेत राहावे' असा बोध सुभाषितासारखा दिला जातो. तो बहुधा मुलींना दिला जातो, हेही नमूद करायला हवे. वनस्पतीला नीती चिकटवण्याची ही सवय जुनी आहे आणि गोष्ट सांगताना ती गोडही वाटते. पण येथे ती वस्तुस्थितीच्या नेमकी उलट जाते. उघड्या, तापलेल्या, खाऱ्या वाळूवर जी वनस्पती सर्वांआधी पाऊल टाकते, दर पावसाळ्यात मागे ढकलली जाऊनही हिवाळ्यात पुन्हा पुढे जाते, तिच्यातून 'गप्प बसा' हा धडा कसा काढायचा? धडा काढायचाच तर तो धाडसाचा निघेल. आमचे मत विचाराल तर विज्ञानाच्या तासाला तोही काढू नये. वेल काय करते ते पाहावे आणि तेच सांगावे.

कायद्याची रेषा

नावाचा हा वाद केवळ शब्दांचा असता तर त्यावर इतकी शाई खर्च केली नसती. मर्यादा कोठे आहे हा किनाऱ्यावर आज जमिनीचा, घराचा आणि पोटाचा प्रश्न आहे. १९ फेब्रुवारी १९९१ रोजी केंद्र शासनाने किनारपट्टी नियमन क्षेत्राची अधिसूचना काढली. तीत भरतीरेषेपासून जमिनीकडे ५०० मीटरपर्यंतचा पट्टा नियमनाखाली आणला गेला. पुढे २०११ आणि २०१९ साली नव्या अधिसूचना आल्या. या सर्वांत मोजमापाचा आरंभबिंदू एकच, उधाणाच्या वेळी पाणी जास्तीत जास्त जेथवर पोहोचते ती भरतीरेषा. वाळूच्या टेकड्यांना २०१९ च्या अधिसूचनेतही सर्वांत संवेदनशील वर्गात स्थान आहे. म्हणजे मर्यादवेलीचे घर कायद्यानेही मोलाचे मानले आहे.

येथे एक सावधगिरी हवी. वेलीची कड म्हणजे कायद्याची भरतीरेषा नव्हे. ती रेषा अधिकृत संस्था शास्त्रीय पद्धतीने आखतात. वेलीची कड हंगामानुसार पुढेमागे होते आणि ती वेल कोणी उपटूनही टाकू शकतो. तेव्हा 'वेल आहे तेथवर समुद्राची हद्द' असा पुरावा कोणी मांडू लागला तर तो टिकणार नाही. मात्र दोन्ही रेषा शेजारी ठेवून पाहिल्या तर एक गोष्ट कळते. नकाशावरची रेषा पुन्हा आखेपर्यंत तशीच राहते, वाळूवरची रेषा दरवर्षी नव्याने लिहिली जाते. नकाशा वाचणाऱ्याला वाळूही वाचता यायला हवी.

आणि वाळूवरची ही लेखणी आपण सहज मोडतो. पर्यटकांना 'स्वच्छ' पुळण हवी म्हणून कचऱ्याबरोबर वेलही ओढून काढली जाते. उंचवटे सपाट करून खुर्च्या मांडल्या जातात. वाळूवर सुरूची दाट लागवड झाली की तिच्या सावलीत आणि पडलेल्या काड्यांच्या थराखाली ऊन मागणारी ही वेल तग धरत नाही. धूपप्रतिबंधक बंधाऱ्याचे दगड जेथे पडतात तेथे तर तिच्यासाठी वाळूच उरत नाही. यांतली काही कामे गरजेची असतील. घर वाहून जाण्याची भीती असलेल्या माणसाला वेलीचे कौतुक ऐकवणे बरे नव्हे. परंतु वेल गेली की नावाचा आधारही जातो. मग 'मर्यादवेल' हा शब्द पुस्तकात राहील आणि मुले विचारतील, कोणती मर्यादा?

कोशांतली उणीव

नावे नोंदवणाऱ्या ग्रंथांबद्दलही थोडे बोलले पाहिजे. थिओडोर कुक यांचा मुंबई इलाख्यातल्या वनस्पतींवरचा ग्रंथ १९०१ ते १९०८ या काळात भागाभागाने प्रसिद्ध झाला. त्याने शास्त्रीय वर्णनासोबत देशी नावे देण्याचा पायंडा पाळला. पुढे भारतीय वनस्पती सर्वेक्षण संस्थेने १९८८ साली खास सिंधुदुर्ग जिल्ह्याच्या वनस्पतींचा ग्रंथ काढला. अशा ग्रंथांचे ऋण मोठे आहे. पण या परंपरेत देशी नाव हे शास्त्रीय नावाच्या शेपटीला लावलेली चिठ्ठी म्हणून येते. ते नाव कोण उच्चारते, कोणत्या वाक्यात उच्चारते, मासेमारी करणारा आणि माडांची बाग राखणारा यांच्या तोंडी त्याचा अर्थ एकच असतो का, हे तेथे मिळत नाही. नाव मिळते, वापर हरवतो. वापर हरवला की मागाहून येणारा लेखक नावाकडे पाहून स्वतःच अर्थ रचतो. 'मर्यादा घालणारी वेल' हा अर्थ असाच रचलेला दिसतो.

वापर हरवण्याचा व्यवहारी तोटाही आहे. आयुर्वेदातल्या 'वृद्धदारुक' या औषधीची ओळख पटवताना मतभेद झाले. समुद्रशोक आणि मर्यादवेल या दोन वेगळ्या वेलींची नावे तेथे एकमेकींच्या जवळ आली. समुद्रशोक हीदेखील याच कुळातली, पण मोठ्या, पाठीमागे रुपेरी लव असलेल्या पानांची वेल. नाव सैल धरले तर औषधही बदलते, हे मुलांना सांगण्याजोगे उदाहरण आहे.

वर्गात काय करता येईल?

किनाऱ्याजवळच्या शाळांना हे काम अगदी थोड्या साहित्यात करता येईल. विहिरीचा कठडा, देवळाची पायरी किंवा जुना दगड असा न हलणारा एक खुणेचा बिंदू निवडावा. तेथून सरळ समुद्राकडे दोरी धरून वेलीच्या खालच्या कडेपर्यंतचे अंतर मोजावे. हे मोजमाप गणपतीनंतर, जानेवारीत आणि मे महिन्याच्या सुरुवातीला करावे. प्रत्येक वेळी उधाणाच्या भरतीने सोडलेल्या काडीकचऱ्याच्या रेषेचेही अंतर घ्यावे. तीन वर्षांच्या नोंदी भिंतीवर लावल्या की 'मर्यादा' हा शब्द सरकताना मुलांना डोळ्यांनी दिसेल. मोजताना वेल उपटू नये, आणि उधाणाच्या वेळी लहान मुलांना पाण्याजवळ नेऊ नये.

दुसरे काम शब्दांचे. मुलांनी घरी आणि वाडीत जाऊन 'या वेलीला काय म्हणतात?' एवढेच विचारू नये. 'या वेलीबद्दल तुम्ही काय बोलता?' असे विचारावे आणि ऐकलेले वाक्य मालवणीत जसेच्या तसे लिहून घ्यावे, 'शुद्ध' करू नये. पावसाळ्याआधी होड्या कोठवर ओढून शाकारतात, रापणीची जाळी कोठे सुकवतात, हे विचारताना वेलीचा उल्लेख आपोआप निघतो का, ते पाहावे. निघाला तर तो खरा वापर. नाही निघाला तर तीही नोंदच.

किनाऱ्यापासून दूरच्या शिक्षकांनी आपल्या माळावरच्या एखाद्या रानफुलाचे नाव घ्यावे आणि एकच प्रश्न विचारावा. हे नाव फुलाचा आकार सांगते, उपयोग सांगते, की जागा सांगते? दहा नावे अशी तीन रकान्यांत मांडली की आपले पूर्वज रानाकडे कसे पाहत होते याचा अंदाज येईल.

राहिले त्या मुलीचे उत्तर. पुढच्या वेळी आम्ही तिला असे सांगू : मर्यादा कोणीच मोडली नाही, ती सरकली. समुद्र जेथवर येऊ देतो तेथवर वेल जाते, म्हणून तिचे नाव मर्यादवेल. दर्या तुमच्या माडांत आला त्या दिवशी हद्द तुमच्या माडांत होती. आता ती कोठे आहे, हे पाहायला उद्या सकाळी दोरी घेऊन ये.